रूहीला, सातव्या अंकाबद्दल

देवपूर, धुळे
१४ नोव्हेंबर २०२४

प्रिय रूही,

अक्षर ओळखलंस का? नसेल ओळखलं तर आधी पत्र उलटून शेवटचं नाव वाच आणि मग ठरव, पुढे वाचायचं की नाही. मी रागावणार नाही.

मला सध्या बोलायची बंदी आहे. बावीस वर्षं शाळेत चित्रकला शिकवते, म्हणजे निम्मा वेळ ओरडते. स्वरयंत्रावर गाठ आली. दिवाळी झाल्यावर नाशिकला ऑपरेशन केलं. डॉक्टरांनी सांगितलं, महिनाभर एक शब्द नाही, कुजबुजायचंसुद्धा नाही. योगराजने, माझ्या नवऱ्याने, गळ्यात अडकवायला पाटी आणून दिली. त्या पाटीवर 'मीठ कमी आहे' असं लिहून दाखवण्यात माझे दिवस चालले आहेत.

तर अशी घरात बसून होते आणि हातात टॅब होता. सहज बघता बघता एका जपानी संग्रहालयाच्या पानावर पोचले. त्यांनी त्यांची जुनी कार्टून तिथे ठेवली आहेत. जवळजवळ शंभर वर्षांपूर्वीची, काळीपांढरी, आवाज नसलेली. कुणीही बघावीत. पैसे मागत नाहीत, नाव विचारत नाहीत. मी पहिलं बघितलं ते चारच मिनिटांचं. एक म्हातारा मासे धरायला जातो आणि त्याची टोपीच पाण्यात पळत सुटते, एवढीच गोष्ट. पण ते सगळं कागद कापून केलेलं. एकेक तुकडा केसभर सरकवायचा आणि फोटो घ्यायचा. नीट पाहिलं तर कात्री कुठे अडखळली तेसुद्धा दिसतं. तीही मुकी, मीही मुकी. त्या दिवशी सलग अकरा बघितली.

आणि मग तुझी आठवण आली. खरं सांगायचं तर आधीच आली होती. शाळा सुटल्यावर मला भेटायला आलेल्या, आमच्या नववीतल्या रूपालीच्या कंपासपेटीवर एक स्टिकर आहे, होडीतली मुलगी, हातात कंदील, आणि नाकाच्या जागी नुसता एक ठिपका. मी तिला पाटीवर विचारलं, 'कुठून?' ती म्हणाली, "चाळीसगावला स्टेशनजवळ रेडियमचं दुकान आहे बाई, तिथल्या ताई स्वतः कापतात." असा ठिपका जगात एकच माणूस देतो. पत्ता तिनेच आणून दिला.

तुझ्या अब्बांनी, म्हणजे माझ्या रमजानचाचांनी, त्या पाइपच्या कारखान्याची खोकी विकत घेतली होती ते आठवतं? जपानहून जुनं मशीन आलं होतं आणि चाचांना सुतारकामाला त्या खोक्यांचं लाकूड हवं होतं. आत मशीन हलू नये म्हणून कोंबलेली रद्दी निघाली. चाचा ती लाकूड चिकटवायचा सरस वितळवायच्या चुलीत घालायला निघाले आणि तू किंचाळलीस. चित्रकथेच्या मासिकाचा तो फाटका अंक आपण वाचवला. आठच कागद होते, सोळा बाजू. कोपऱ्यात सातचा आकडा. त्यातलं एकही अक्षर आपल्याला कळत नव्हतं, म्हणूनच तो अंक मला इतका आवडायचा. मी गावाकडून आलेली, 'मले-तुले' बोलायची आणि वर्ग हसायचा. तुझ्याही बोलण्याला हसायचे. त्या अंकात काहीच बोलायला लागत नव्हतं.

आणि आपलं भांडण! तू म्हणायचीस, हे उजवीकडून उघडायचं, दादी उर्दूचा कायदा, त्यांची अंकलिपी, शिकवते तसं. मी म्हणायची, छापलेलं पुस्तक कधी उलटं असतं का? माझ्या बाजूने वाचलं की मुलगी आईच्या मिठीत असते आणि शेवटी रिकाम्या झोपडीत एकटी उरते. तुझ्या बाजूने वाचलं की ती एकटी निघते आणि तिला आई सापडते. उन्हाळ्याची अख्खी सुट्टी आपण त्यावर भांडलो.

रूही, मला ती गोष्ट सापडली आहे. नावातली तीन अक्षरं तू मला वीस वेळा गिरवायला लावली होतीस. पहिलं म्हणजे तीन उभ्या रेघा, दुसरं गोगलगाय, तिसरं हात पसरून पळणारा माणूस आणि शेजारी खुंटी. आता फोनवर बोटाने अक्षर काढलं तरी तो ओळखतो. तीन रेघा म्हणजे नदी. नाव आहे 'नदीवरचा दिवा'. तिथल्या एका गावच्या वाचनालयाने ते १९५६ साली सुरू झालेलं मासिक पानापानाने स्कॅन करून ठेवलंय. आणि पुढच्या पानावर नेणारा बाण डावीकडे आहे! तू बरोबर होतीस. चौतीस वर्षांनी सांगते आहे.

बावीस अंक आहेत. सातव्याच्या जागी राखाडी चौकोन. खाली लिहिलंय की हा अंक कुठेही मिळालेला नाही, कुणाकडे असल्यास कळवावे.

तुम्ही जळगाव सोडून चाळीसगावला गेलात तेव्हा मी गावी गेले होते, त्यामुळे आपली भेट झाली नाही आणि अंकाचं काय झालं तेही मला कळलं नाही. तुझ्याकडे असेल का गं?

तुझी,
कामिनी


देवपूर, धुळे
२५ नोव्हेंबर २०२४

प्रिय रूही,

उत्तर आलं नाही. येणार नाही असं मलाही आतून वाटतच होतं, कारण मागच्या पत्राच्या शेवटी मी खोटं लिहिलं.

मी गावी गेले नव्हते. त्र्याण्णव सालचा जानेवारी होता, संक्रांत नुकतीच झाली होती. मी मावशीकडेच होते, मधल्या खोलीत. तू दारात आलीस. पडद्याच्या फटीतून मला तुझी हिरवी ओढणी दिसत होती आणि हातातला तो अंकही दिसत होता, वर्तमानपत्रात गुंडाळलेला. बेबामावशी तुला म्हणाली, "कामिनी गावाले गेली."  तू तशीच वळलीस आणि गेलीस.

डिसेंबरात देशात जे झालं ते झालं होतं. आपल्या गल्लीत काहीच झालं नव्हतं, साधा दगडही पडला नव्हता. पण मोठी माणसं हळू आवाजात बोलायला लागली होती. तोतारामकाकांनी, मावशीच्या यजमानांनी, मला सांगितलं होतं की थोडे दिवस तिकडे जाऊ नकोस. त्यांच्या घरात राहायची मी. तेरा वर्षांची होते. काय करणार होते?

हे वाचून तुला काय वाटेल माहीत नाही. पण ज्या गोष्टीसाठी तुला पत्र लिहायला घेतलं ती अजून लिहिलीच नाही, ती लिहिते.

मी चित्रकलेची शिक्षिका झाले ती तुझ्यामुळे. मी पाचवीत जळगावला आले तेव्हा रोज रडायची. तू मला विचारलंस, "तुझ्या गावात काय आहे?" मी म्हटलं, केळीच्या बागा. तू म्हणालीस, "काढून दाखव." मी झाडाला काठीसारखं खोड काढलं आणि वर झावळ्या. तू म्हणालीस, "हे तर नारळाचं झालं. केळीचं पान फाटतं कसं, ते सांग आधी." मला सांगता येईना. जन्मल्यापासून केळीत वाढले आणि पान कसं फाटतं ते कधी पाहिलंच नव्हतं. त्या दिवाळीत गावी गेले आणि बांधावर बसून पहिल्यांदा पाहिलं.

आजही नवीन वर्गाला पहिल्या दिवशी मी हेच विचारते. गेल्या बावीस वर्षांत हजारभर तरी मुलींना विचारलं असेल. तुझं नाव मी एकीलाही सांगितलं नाही.

त्या वाचनालयाला मी इंग्रजीतून कळवलं की सातवा अंक भारतात, खानदेशात कुठेतरी होता. दोन दिवसांत उत्तर आलं. चित्रकार केव्हाच वारला. त्याची मुलगी आहे, एक्क्याऐंशी वर्षांची. तिनेच हे सगळं लोकांना बघू द्या म्हणून परवानगी दिली. तिच्या घरची प्रत पुरात गेली. ती दर महिन्याला वाचनालयात विचारते म्हणे, सातवा आला का?

तुझी,
कामिनी


देवपूर, धुळे
३ डिसेंबर २०२४

प्रिय रूही,

रविवारी फोन वाजला तेव्हा योगराजने उचलला. ते म्हणाले, "तिला बोलता येत नाही हो." आणि पलीकडून तुझा आवाज आला, "मग तर बरंच आहे. फोन तिच्या कानाला लावा."

मी फक्त ऐकत होते. तुझा आवाज जाड झालाय, पण वाक्य संपवताना तू अजूनही किंचित वर जातेस. मला उत्तर देता येत नव्हतं, म्हणून आज लिहून देते.

तू म्हणालीस, "कामिनी, मला तुझी चप्पल दिसली होती. निळ्या पट्ट्याची. एका पट्ट्याला मीच तार बांधून दिली होती, ती मी ओळखणार नाही का?"

मला हे माहीत नव्हतं. इतकी वर्षं मला वाटत होतं, तुला कळलं नसेल.

तू म्हणालीस, "दोन वर्षं रागात होते. नंतर कामं लागली, लग्न झालं, मिसबाह झाली. राग धरायला वेळ लागतो गं."

आणि मग तू विचारलंस, "काकांनी खरंच मना केलं होतं? काका तर आमच्याकडे पाट करून घ्यायला यायचे. ईदला शिरखुर्मा मागून घ्यायचे. मला ते खरं वाटत नाही." फोनवर मी गप्प होते. बोलता आलं असतं तरी गप्पच राहिले असते.

तुला खरं वाटलं नाही ते बरोबर आहे. काकांनी मला कधीही मना केलं नाही. ते वारले त्याला नऊ वर्षं झाली. स्वतःची बाजू सांगायला ते येणार नाहीत, म्हणून मी त्यांच्यावर ढकललं. मागचं पत्र पोस्टात टाकून घरी आले आणि जेवण गेलं नाही.

झालं ते असं. वर्गातली एक मुलगी मला म्हणाली होती, "तू अजून तिच्याकडे जातेस?" एवढंच. नाव आता आठवतही नाही. तुला दारात पाहून मावशी आत आली होती. तिने मला विचारलं, "आत बोलावू का तिले?" मी मान हलवली. नाही म्हणून. मावशी माझ्याकडे बघत राहिली, मग बाहेर गेली आणि तुला ते सांगितलं. त्या दिवशी तिने मला जेवायला वाढलं, पण माझ्याशी बोलली नाही.

मला तुझी भीती नव्हती, रूही. लोक मला तुझ्याबरोबर धरतील याची होती.

माफ कर, असं लिहायला पेन उचललं, पण त्यात पुन्हा तुलाच काहीतरी करायला सांगितल्यासारखं होतं. तू काही करू नकोस. मी केलं ते मी केलं.

फोन ठेवताना तू म्हणालीस, "अंक आहे. पण पाठवता येणार नाही. कशात आहे ते येऊन बघ." मी येते. पाच जानेवारीला रविवार आहे. तोवर आवाजही आलेला असेल.

तू फोन केलास. तुझ्या जागी मी असते तर केला असता की नाही, खात्री नाही.

तुझी,
कामिनी


देवपूर, धुळे
७ जानेवारी २०२५

प्रिय रूही,

परवा आपण सबंध दिवस एकत्र होतो, तरी हे पत्र लिहिते आहे, कारण काही गोष्टी तू बघितल्याच नाहीस.

मी येताना गाडीत चार वाक्यं पाठ केली होती. तुझ्या दारात पोचले आणि फाटक्या आवाजात एवढंच निघालं, "मी होते गं घरात." तू म्हणालीस, "माहीत आहे. पाय धू, आत ये." मग चहा ठेवायला गेलीस. जाता जाता वळून म्हणालीस, "झालं गेलं असं मी म्हणणार नाही. वाईट झालं. पण तू स्वतः लिहिलंस." मिसबाह पाण्याचा तांब्या घेऊन मध्येच उभी होती. आपल्या दोघींकडे आळीपाळीने बघत होती बिचारी.

तू आत असताना रमजानचाचांनी मला अंक ज्यात होता ती लाकडी पेटी दाखवली. ब्याऐंशी वर्षांचे झाले, पण जड झाकण एकट्यानेच उचललं. आतल्या बाजूला आठ कागद, चार-चारच्या दोन ओळींत चिकटवलेले. होडी, नदी, ती मुलगी. मी वाकून एकेक चित्र बघितलं.

चाचा म्हणाले, "त्या दिवशी तुझ्या घरून परत आली आणि पुस्तक चुलीत घालायला बसली. मी म्हटलं, बेटा, जाळू नको, मला पेटीला अस्तर पाहिजेच आहे. तिच्यासाठीच करत होतो पेटी. मग मी एकेक कागद लावत गेलो आणि ती म्हणत गेली, अब्बा, हा उजवीकडे, हा त्याच्या डावीकडे. रडत रडत सांगत होती."

हे तू मला कधीच सांगितलं नसतंस. म्हणून मला ते कळलं आहे, एवढंच तुला कळवते.

मग पंचाईत झाली. कागद दोन्ही बाजूंनी छापलेले, आणि दिसत होत्या आठच बाजू. उरलेल्या आठ लाकडाकडे तोंड करून. वाचनालयाने लिहिलं होतं की धोका असेल तर हात लावू नका, आहे तसा फोटो पाठवा, तेवढ्यानेही आम्ही आभारी राहू. मी तेच म्हणत होते. इतकी वर्षं टिकलं, आता आपल्या हातून फाटलं तर? तेव्हा चाचा हसले. "सरस शे हाऊ, बेटा. वाफ दिधी की सुटी जाई." जुना सरस वाफेने सुटतो, आजकालचा पांढरा गोंद असता तर मेलं होतं सगळं. तरीही मी नको म्हणत होते. तू म्हणालीस, "पेटी माझी आहे. काढा."

पुढचे तीन तास तू कागदाकडे बघत होतीस. मी तुझ्या हाताकडे बघत होते. चाचा किटली धरायचे, वाफ कडेने फिरवायचे आणि कानाने ऐकल्यासारखं डोकं वाकडं करून म्हणायचे, "आता." मग तू रेडियम कापायची पाती, तीही बोथट बाजूने, कोपऱ्यात घालायचीस. श्वास सोडायची नाहीस. कागद सुटत आला की मी खालून टिपकागद द्यायची. पाचव्या कागदाला कोपरा फाटला तेव्हा माझ्या तोंडून आवाज निघाला आणि तू नुसतं म्हणालीस, "राहू दे तेवढा लाकडाला." रूही, माझ्याकडे डिप्लोमा आहे, शाळेच्या भिंतीवर माझ्या नावाच्या पाट्या आहेत. असा हात माझा नाही. कधीच नव्हता. तू दुचाकीवर लोकांच्या पोरांची नावं कापून चिकटवतेस तो हा हात.

आणि मग ती मागची बाजू. मी विसरलेच होते. त्या बाजूंच्या चित्रांखाली आपण पेन्सिलीने मराठीत बोलणं लिहिलं होतं. माझं अक्षर किडमिडं, तुझं गोल. जिथे आई आणि मुलगी नदीकाठी एकमेकींना धरून आहेत, तिथे माझ्या अक्षरात लिहिलंय, 'येते गं आई'. मी ते निघताना म्हणतात त्या अर्थाने लिहिलं होतं. तू त्याच्याखाली रेघ मारून ठेवली होतीस. तुझ्या लेखी ती आईकडे येत होती. एकाच वाक्यात दोघींचं भागलं म्हणून त्या सुट्टीत आपलं भांडण मिटलं होतं, हे तुला आठवलं. मला नाही आठवलं.

मी खोडरबर काढला तेव्हा तू माझ्या हातावर चापट मारलीस. छान लागली.

फोटो काल पाठवले. सोळाच्या सोळा बाजू, एक कोपरा वगळून.

चाचांना माझा सलाम सांग. मिसबाहला सांग की तिने बांधून दिलेली पोळी-भाजी मी स्टेशनावरच खाल्ली, धुळ्यापर्यंत धीर निघाला नाही.

तुझी,
कामिनी


देवपूर, धुळे
२१ फेब्रुवारी २०२५

प्रिय रूही,

दोन गोष्टी सांगायच्या आहेत. आधी जपानची.

राखाडी चौकोन गेला. बुधवारी त्यांनी सातवा अंक लावला. तुझ्या फोनवर दुवा पाठवलाय, तू बघितलाही असशील, पण मला लिहून सांगायचंय. त्यांनी पेन्सिलीचं काहीही पुसलं नाही. कडेला सरसाचे पिवळे डागही तसेच आहेत. खाली माहिती आहे: रमजान मिस्त्री यांनी पेटीत जपलेला, रूही यांनी सोडवलेला, जळगाव आणि चाळीसगाव, भारत. माझं नाव घालू का असं त्यांनी विचारलं होतं. मी नको म्हटलं. तू भांडशील त्यावरून, भांड.

चित्रकाराच्या मुलीचं पत्र आलंय. वाचनालयातल्या बाईंनी सोप्या इंग्रजीत करून पाठवलं, मी मराठीत लिहिते. 'मी तेरा वर्षांची होते. आई वर्षभर दवाखान्यात होती आणि मला तिला भेटू देत नव्हते. ती घरी आली त्या महिन्यात वडिलांनी हा भाग काढला. त्या मुलीचं तोंड माझं आहे, असं ते म्हणायचे. मी तो तेव्हा एकदाच बघितला होता. आता रोज बघते. पेन्सिलीने काय लिहिलं आहे ते कृपया सांगा, आणि ज्या मुलींनी लिहिलं त्यांना माझा नमस्कार सांगा.' मी तिला 'येते गं आई' समजावून सांगताना अर्धा दिवस घालवला. निघतानाही तेच आणि पोचतानाही तेच, हे इंग्रजीत बसता बसेना.

चाचांना फोन करून नावाचं सांगितलं, तर म्हणाले, "मनं नाव कशाले? लाकूड बी त्यासनं, कागद बी त्यासना. मी नुसता सरस लावणारा." तरी दोनदा विचारलं, 'मिस्त्री' नीट लिहिलंय ना म्हणून.

आता दुसरी गोष्ट, काल गुरुवारची. तू घाईने बस पकडायला गेलीस, पुढचं तुला माहीत नाही.

माझ्या शाळेत तू आलीस तेव्हा किती घाबरली होतीस! म्हणालीस, "मी दहावीनंतर शाळेचं तोंड बघितलं नाही, चाळीस पोरींपुढे काय बोलू?" मी मुलींना फक्त एवढंच सांगितलं की मला चित्र बघायला जिने शिकवलं त्या या रूहीताई. बावीस वर्षं उशीर झाला सांगायला, पण सांगितलं. मग तू काही बोललीच नाहीस, सरळ खडू घेतलास आणि फळ्याच्या मधोमध एक एसटी काढलीस. मागून रूपाली ओरडली, "ताई, टपावर बकरी काढा!" तू काढलीस. मग सगळ्याच सुटल्या. शेंगा विकणारी बाई काढा, झोपलेला कंडक्टर काढा, बकरीच्या दोन शिंगांच्या मध्ये बसलेला कावळा काढा. प्रत्येकीला तू विचारत होतीस, "कंडक्टर झोपतो कसा? मान कुठे जाते?" आणि उत्तर येईपर्यंत खडू थांबवत होतीस. हेमांगी नावाची मुलगी आहे ना, शेवटच्या बाकावरची, वर्षभर वर्गात तोंड न उघडलेली, तिने उठून झोपलेल्या माणसाची मान करून दाखवली. घंटा झाली तेव्हा फळा काठोकाठ भरला होता. चाळीसगावचं अख्खं बसस्टँड, पांढऱ्या खडूने.

तू गेल्यावर मी डस्टर उचललं आणि पुसवेना. ठेवून दिलं. पुढचा तास गणिताचा. भूपेंद्र सरांचा. त्यांच्याबद्दल तुला सांगायला हवं. वर्गात पाऊल टाकायच्या आधी फळा स्वच्छ लागतो त्यांना, एक रेघ राहिली तरी मॉनिटरला उभं करतात. चित्रकलेच्या तासाला ते माझ्या तोंडावर 'मोकळा तास' म्हणतात. मला वाटलं, आता बोलणी बसणार. मी दाराबाहेर थांबले.

सर आले. फळ्यासमोर उभे राहिले.  त्यांनी चष्मा काढून पुसला, पुन्हा लावला आणि सगळं चित्र डावीकडून उजवीकडे बघत गेले. झोपलेल्या कंडक्टरपाशी थांबले. मग खिशातून खडू काढला. फळ्याच्या उजव्या कोपऱ्यात, शेंगावालीच्या टोपलीखाली, वीतभर जागा उरली होती. पाऊण तास त्यांनी त्या वीतभर जागेत बीजगणित शिकवलं. बारीक अक्षरात एक उदाहरण लिहायचं, सोडवायचं, बोटाने पुसायचं, पुढचं लिहायचं. बाही टोपलीला लागू नये म्हणून डाव्या हाताने मनगट धरून लिहीत होते.

तास संपल्यावर बाहेर आले तेव्हा मी म्हटलं, "सर, अडचण झाली असेल तुम्हाला."

ते चालता चालता म्हणाले, "जागा पुरली."

तुझी,
कामिनी